टोपी फुटली, बार नाही

गिरगावात एखादी चाळ रीडेव्हलपमेंटला गेली की पाठोपाठ माझ्याकडे ठासणीच्या, म्हणजे तोंडातून दारू-गोळी ठासून भरायच्या, बंदुका यायला लागतात. कुणाच्या माळ्यावर सापडलेली, कुणाच्या भिंतीवरची. मी बंदूक दुरुस्तीवाला, पण हल्ली निम्मं काम दिवाणखान्यातली शोभा साफ करण्याचंच. लोक आणण्याआधी नळीला काचकागद मारून ती चकचकीत करतात, त्यात शिक्केही घासून टाकतात. मग विचारतात, कुठल्या सालची?

ही मात्र कुणी घासली नव्हती, नुसता काळा ऑइलपेंट फासला होता. सतरंजीत गुंडाळून भाचा आणि त्याची आत्या घेऊन आले. “काका, ही सत्तावन्नची. खापरपणजोबांनी गोऱ्याकडून हिसकावलेली. चरबीच्या काडतुसांची एन्फिल्ड.” साफ करून, वर फ्रेम करायला प्रमाणपत्र हवं होतं.

दिसायला तीच. नळीवर तीन कडी, चार किलोच्या वर वजन. थिनरने पेंट उतरवला तर कुलपावर, म्हणजे घोड्याच्या बाजूपट्टीवर, राणीचा मुकुट, ‘टॉवर’ आणि १८६०. सत्तावन्नच्या लढाईत साठ सालची बंदूक. भाचा म्हणाला, “शिक्का नंतर मारला असेल.”

मी वाद घातला नाही, कारण तोवर माझा गज अडला होता. ठासणीची बंदूक हातात आली की आधी लाकडी गज नळीत सोडायचा, तोंडाशी खूण करायची आणि तोच गज बाहेरून नळीला लावून बघायचा. रिकामी असेल तर टोक नळीच्या बुडाशी येतं. इथे जवळपास तीन इंच आधीच थांबलं. बंदूक भरलेली होती. पोरं हिचा घोडा ओढून खेळायची, असं आत्याबाई कौतुकाने सांगत होत्या.

काळी दारू कोरडी राहिली तर शंभर वर्षांनीही पेटते. या धंद्यातल्या एकाने मागे मला ड्रिल लावून काढ, असा सल्ला दिला होता; त्याची बोटं अजून शाबूत आहेत हे नशीब. मी तोंडातून पाणी भरून रात्रभर ठेवली. सोरा पाण्यात विरघळला की दारू मेली. निपल, म्हणजे घोड्याखालची भोकाची बोंडी जिच्यावर ठिणगीची टोपी बसते, ती तेलात मुरवून काढली, तिच्या जागच्या पेचात ग्रीसगनचं टोक बसवलं, तोंड वाळूच्या बादलीत धरलं आणि हळूहळू दाबत गेलो. आधी काथ्याचा बोळा आला, मग वाटाण्याएवढे छर्रे, पुन्हा काथ्या आणि मागून काळा चिखल. सैन्यातलं कागदी काडतूस नव्हे, गावात डुकरासाठी भरतात तसा बार.

नळी रिकामी झाल्यावर बॅटरी टाकली. असल्या एन्फिल्डला आत तीन आटे, म्हणजे वळत जाणारे चर, असतात, त्यांनी गोळीला फिरकी मिळते. हिच्या आत आटे नव्हतेच. सत्तावन्ननंतर देशी पलटणींच्या हाती रायफल द्यायची नाही, असं सरकारने ठरवलं. बाहेरून एन्फिल्डच, पण आतून गुळगुळीत. सुरुवातीला तर ०.५७७ इंचाच्या तयार नळ्याच पोखरून ०.६५६ च्या केल्या, नेम धरायची मागची सरकती माशी काढून ठोकळा बसवला. मूळ रायफलच्या माशीवर नऊशे यार्डांपर्यंतच्या खुणा. ही शंभर यार्डांपलीकडे भरवशाची नाही. शिपायाला कवायतीपुरता रुबाब, नेम मात्र काढून घेतलेला. भाच्याला मी हे रंगून सांगितलं. मला वाटतं, हिसकावण्याच्या गोष्टीपेक्षा ही गोष्ट मोठी आहे. त्याला तसं वाटलं नाही.

पण मला सोडत नाही ती टोपी. निपलवर ती हिरवी पडून चिकटलेली होती. चिमट्याने काढली तर कडा पाकळ्यांसारख्या फाटलेल्या. म्हणजे टोपी उडाली होती, आणि निपलमागचं भोक इतकं बुजलेलं की मी सोडलेलं पाणीसुद्धा आत जाईना. ठिणगी दारूपर्यंत पोचलीच नाही. कुणीतरी नेम धरून चाप ओढला होता. पोरांनी ओढला असता तर फटाक्याएवढा आवाज घरात सगळ्यांच्या लक्षात राहिला असता. आत्याबाईंना तसं काही ऐकल्याचंही आठवत नव्हतं. “अण्णा कुणाला हात लावू देत नसत एवढं खरं,” त्या म्हणाल्या.

बार अडला की ठासणीवाला काय करतो? भोकात तार घालतो, चिमूटभर दारू सोडतो, नवी टोपी लावतो आणि पुन्हा ओढतो. पाच मिनिटांचं काम. अण्णांनी, किंवा जो कोण होता त्याने, ते केलं नाही. आतला बार काढलाही नाही. बंदूक तशीच खुंटीला गेली. डुक्कर पळालं म्हणावं, तर दुसऱ्या रात्री येतंच की. समोर डुक्कर नव्हतंच, असं म्हणायला माझ्याकडे पुरावा नाही.

प्रमाणपत्र तयार आहे: साल १८६०, आट्यांविना, भरलेल्या स्थितीत सापडली. भाच्याचा फोन आला होता, सालाऐवजी नुसतं ‘एकोणिसावं शतक’ लिहा म्हणाला. तेवढं मी लिहीन, खोटं नाही ते. भरलेली सापडल्याची ओळही काढा म्हणतो, ती काढणार नाही.