आवक रजिस्टरचं एक पान

खाजगी शाळांतल्या शिक्षकांची अपिलं शाळा न्यायाधिकरणात चालतात, म्हणजे आम्हा रत्नागिरीच्या वकिलांना आंबा घाट चढून कोल्हापूर. सेवासमाप्तीचं पत्र मिळाल्यापासून मुदत 30 दिवस. बाई माझ्याकडे आल्या तेव्हा त्यातले बरेच सरले होते.

अनुदानित प्राथमिक शाळेत दहा वर्षांवर नोकरी. पत्रात कारण एकच: तुमच्या डी.एड. कॉलेजची मान्यता एनसीटीईने, म्हणजे राष्ट्रीय शिक्षक शिक्षण परिषदेने, काढली होती, सबब पदविका अवैध. सोबत वेबसाइटवरच्या यादीचं प्रिंटआउट. त्यातली आदेशाची तारीख बाईंच्या पहिल्या वर्षातली.

शाळा चालवणाऱ्या संस्थेच्या वकिलांनी एनसीटीईच्या 1993च्या कायद्याचं कलम 17(4) घडाघडा म्हणून दाखवलं. मान्यता गेल्यावर चालवलेल्या कोर्सची पदवी सरकारी किंवा अनुदानित नोकरीला चालत नाही, हे सगळ्यांनाच पाठ असतं. मान्यता जाते कधी, ते मात्र 17(1)च्या परंतुकात, म्हणजे कलमाला जोडलेल्या अटीत, आहे आणि ते वाचायची तसदी शिक्षण खात्यातही कुणी घेत नाही. आदेश कॉलेजला कळवल्यानंतर जे शैक्षणिक सत्र, म्हणजे वर्ष, येतं, ते संपल्यावर मान्यता जाते. पत्र पोचलं कधी, यावर सगळं ठरतं.

कॉलेज कधीच बंद पडलेलं. शेवटी लांज्याकडच्या एका निवृत्त कारकुनाच्या माळ्यावर, पत्र्याच्या ट्रंकेत आवक रजिस्टर सापडलं. कडा वाळवीने खाल्लेल्या, पण हवी ती ओळ शाबूत: आवक क्रमांक, फेब्रुवारीतली तारीख, 'पश्चिम विभागीय समिती, भोपाळ' (म्हणजे एनसीटीईचीच), विषय 'मान्यता', शेऱ्याच्या रकान्यात प्राचार्यांची सही. कारकुनांनी प्रतिज्ञापत्र दिलं. पत्र फेब्रुवारीत आलं, म्हणजे पुढचं अख्खं सत्र मान्यतेत. बाईंची दोन्ही वर्षं आत बसली. अपील मंजूर झालं, मागच्या पगारासह.

आदेशाची नक्कल न्यायला बाई आल्या तेव्हा सोबत त्याच कॉलेजची, त्यांच्यानंतरच्या बॅचची शिक्षिका होती. तिने विचारलं, "मॅडम, माझं ॲडमिशन त्या फेब्रुवारीनंतरच्या जूनचं. मग माझं काय?"

तिचं पहिलं वर्ष मान्यतेत, दुसरं बाहेर. परीक्षा परिषदेने परीक्षा घेतली, प्रमाणपत्रही दिलं. कुणी चकार शब्द काढला नाही. पण फेब्रुवारीत पत्रावर सही करणाऱ्या प्राचार्यांनी जूनमध्ये या मुलींकडून फी घेतली. ही उघड फसवणूक आहे, आणि तिची किंमत मोजायची वेळ आता मुलींवर आली आहे.

तिच्या शाळेने अजून काही विचारलेलं नाही. पण ते पान आता रेकॉर्डवर आहे. अर्ज केला की नक्कल मिळते. गप्प राहावं, तर एखाद्या दिवशी तिच्याही हातात तसंच पत्र पडेल. आपणहून याचिका करावी, तर संस्थेच्या हाती आपणच कारण दिल्यासारखं. कोल्हापूरला 18 ऑगस्ट 2025पासून हायकोर्टाचं सर्किट बेंच (फिरतं खंडपीठ) बसतंय, निदान मुंबईची खेप वाचेल. माझा कल याचिकेकडे आहे. तिला फीची पावती शोधायला सांगितली आहे. घरी बोलून कळवते म्हणाली, अजून फोन आलेला नाही.