भिंत चढायचा प्रयोग : तिसरा रविवार

पाथे या फ्रेंच कंपनीच्या १९०७ सालच्या ‘ला कुर्स दे सेर्जां द व्हिल’ या मूकपटातला भिंतीचा शॉट आमच्या गच्चीवर जमवायचाय. ज्यांनी पाहिला नसेल त्यांच्यासाठी: कुत्रा खाटकाकडची मटणाची तंगडी पळवतो, पोलिसांची फौज मागे लागते, कुत्रा सरळ घराच्या भिंतीवर चढतो आणि पोलीसही सरपटत त्याच्या मागे. भिंत रंगवून जमिनीवर अंथरलेली, कॅमेरा वर टांगलेला. युक्ती एवढीच. युक्तीपट, म्हणजे कॅमेऱ्याच्या करामतींचे सिनेमे, म्हटलं की सगळे जॉर्ज मेलिएस या जुन्या फ्रेंच दिग्दर्शकापाशी थांबतात; मला हा पाठलाग जास्त आवडतो, कारण आधी खऱ्याखुऱ्या गल्ल्या दिसतात आणि मग बेसावध असताना ही भिंत येते.

मागच्या दोन रविवारी जुन्या फ्लेक्सच्या उलट्या बाजूवर विटा-खिडक्या रंगवल्या, टाकीच्या कठड्यावरून बांबू काढून ११ फुटांवर मोबाईल टांगला. उन्हात बांबूची सावली भिंतीवर पडते, त्यामुळे आता ढगाळ दिवसच बघतो.

आज भाचा पोलीस. दुसऱ्या मजल्याशी त्याची टोपी निसटली आणि तिथेच भिंतीला चिकटून बसली! पडणार कुठे, खाली जमीनच. मग टोपीला काळा दोरा बांधून मी पायांच्या दिशेने ओढला. तिसऱ्या टेकला ‘पडली’.

त्याहून अवघड म्हणजे अंगाचं वजन खाली ओढतंय असं दाखवणं. भाचा कोपरांवर सरपटत होता, ते थेट सरपटणंच दिसत होतं. “एका हाताने खिडकी घट्ट धर आणि पाय घसरू दे,” म्हटलं. अर्धा फूट मागे घसरला आणि पहिल्यांदा माझ्याच पोटात गोळा आला. चढण्यापेक्षा घसरणंच जास्त पटतं. सेकंदाला १२ फ्रेमने शूट करून १६ ने चालवलं. हाताने फिरवायच्या कॅमेऱ्याचा वेग मी साधारण १६ धरलाय. २४ ने चालवलं तर नुसती मुंग्यांची पळापळ.

हे मार्गी लागलं की गोमाँ या दुसऱ्या फ्रेंच कंपनीचा १९१२ चा ‘ओनेझीम ओर्लोझे’: काकाची इस्टेट लवकर मिळावी म्हणून घड्याळाचा वेगच वाढवणारा पठ्ठ्या. त्यात नुसत्या वेगाचा खेळ आहे, बांबू नको.

कुत्र्याचं काम सोपं वाटलं होतं, वरून त्याची पाठच दिसते आणि जमिनीवर नुसतं पळायचंय. गल्लीतल्या मोत्याला बिस्किट दाखवलं. तो चौथ्या मजल्यावर गेला, गोल फिरला आणि खिडकीतच झोपला.