आमची वाटचाल: रद्द झालेला प्लॉट आणि उभी राहिलेली शेड

बेळगावच्या उद्यमबाग या औद्योगिक भागात भाड्याच्या शेडमध्ये वडिलांनी दोन लेथ टाकल्या तेव्हा मी दहावीत होतो. फौंड्रीतून आलेल्या पंपाच्या, व्हॉल्व्हच्या बॉड्यांना टर्निंग-बोअरिंग करून द्यायचं, हे आमचं काम. बेळगावात बिडाचं ओतकाम भरपूर, त्यामुळं मशिनिंगला कधी तोटा पडला नाही. पुढं व्हीएमसी, म्हणजे संगणकावर चालणारं मशिनिंगचं मोठं यंत्र घेतलं आणि शेडमध्ये पाय ठेवायला जागा उरली नाही. औद्योगिक वसाहतीत अर्ज केला, अर्धा एकर मिळाला.

सर्व्हेअरनं चारी कोपऱ्यांना दगड रोवून ताबापत्रावर सही घेतली त्या दिवशी आई नारळ घेऊन आली होती. करार लीज-कम-सेलचा. म्हणजे जागा आधी भाडेपट्ट्यानं, ठरलेल्या मुदतीत बांधकाम करून उत्पादन सुरू केलं तरच पुढं खरेदीखत. ही अट मला आजही योग्यच वाटते. नुसते प्लॉट अडवून भाव वाढायची वाट बघणारे असतात, आणि खरा कारखानदार भाड्याच्या शेडमध्ये अडकून राहतो.

प्लिंथ झाली, कॉलमच्या सळ्या वर निघाल्या आणि मार्च 2020 मध्ये लॉकडाऊन लागला. गवंडी गावाकडं गेले, ऑर्डरी थांबल्या, पाठोपाठ पावसाळा. जूनपासून सप्टेंबरपर्यंत इथल्या तांबड्या मातीत सिमेंटची गाडीसुद्धा आत जात नाही. मुदत टळली. मुदतवाढीचा अर्ज आम्ही वेळेत दिला नाही, ही चूक आमचीच.

पत्र आलं ते कन्नडमध्ये. वडील कन्नड बोलतात, पण वाचता येत नाही. कन्नड शाळेत शिकलेल्या आमच्या ऑपरेटरनं लेथ बंद करून, हात पुसून ते मोठ्यानं वाचायला घेतलं. ‘रद्दु’ या शब्दाशी तो थांबला. पुढचं कुणी विचारलं नाही.

त्याआधीची कारणे दाखवा नोटीस आमच्या जुन्या पत्त्यावर गेली होती, ती आम्हाला मिळालीच नव्हती. वकिलांनी पहिल्यांदा पाकीट मागितलं. पोस्टाचा शिक्का त्यावर असतो, आणि पत्र कधी मिळालं त्यावर पुढचं बरंच अवलंबून असतं. कोर्टात जायला उशीर केला तर तोच उशीर आपल्या अंगावर येतो.

एकेकाळी हायकोर्ट म्हणजे बंगळूर, पाचशे किलोमीटर. 2008 पासून धारवाडला खंडपीठ बसतं, 2013 पासून ते कायम झालं. माझ्यासारख्याला त्याची किंमत विचारा! सकाळी जाऊन संध्याकाळच्या शिफ्टला परत येता येतं. घटनेच्या कलम 226 खाली रिट, म्हणजे सरकारी आदेशाविरुद्धची याचिका दाखल केली आणि आधी स्थगिती मागितली, कारण मधल्या काळात प्लॉट दुसऱ्याला दिला गेला असता तर त्याचाही हक्क उभा राहिला असता.

कोर्टानं ‘जैसे थे’ ठेवायला सांगितलं, म्हणजे आम्हालाही वीट लावता येत नव्हती. वडील दर रविवारी जायचे, उघड्या सळ्या तारेच्या ब्रशनं घासायचे आणि त्यांना सिमेंटचं पाणी लावून यायचे. सत्तरीच्या माणसाला ते करताना बघणं मला फार जड गेलं.

निकालात रद्दचा आदेश गेला, पण प्लॉट आमचा झाला असं नव्हे. म्हणणं ऐकून न घेता निर्णय दिला, तेव्हा ऐकून घेऊन नव्यानं द्या, एवढंच. खरी लढाई त्या सुनावणीत होती आणि ती कागदांची होती: मंजूर नकाशा, सिमेंट-सळीची बिलं, तारीख असलेले फोटो, वीजजोडणीचा अर्ज, बँकेचं कर्जमंजुरीचं पत्र, जीएसटीची विवरणपत्रं. बिलं सगळी वहिनीनं जपली होती, अगदी वाळूच्या ट्रॅक्टरच्या चिठ्ठ्यांसकट. दंड भरून मुदतवाढ मिळाली.

आज त्या शेडमध्ये चौदा माणसं काम करतात. खरेदीखताचा अर्ज दिलाय. आपल्या भागातल्या कुणा कारखानदाराला असं पत्र आलं असेल तर आमची फाईल ऑफिसच्या टेबलावरच आहे. या, बसून बघा, लागेल त्याची झेरॉक्स घेऊन जा. कन्नड वाचायला आमचा ऑपरेटर आहेच.