छारी ढंढची अमावास्या

"दिवा दिसला तर त्याच्याकडे पाठ करायची आणि खाली बसायचं. उठायचं नाही." बशीतला चहा फुंकत यजमान एवढंच बोलले आणि म्हशींकडे निघून गेले.

लहानपणी आजी चकव्याबद्दल अगदी हेच सांगायची. चकवा लागला की जागच्या जागी बस, तांबडं फुटेपर्यंत हलू नकोस. आग्यावेताळाच्या गोष्टीही तिच्याच. कोकणातल्या माझ्या आजीचं आणि कच्छमधल्या या मालधारी, म्हणजे गुरं पाळणाऱ्या, काकांचं म्हणणं शब्दाला शब्द जुळावं, याने मी चहा पिता पिता थांबलो.

भुजहून नखत्राणामार्गे फुलाय गावाकडे यायचं. अंतर 80 किलोमीटरच्या आसपास. एका बाजूला बन्नीचं गवताळ रान, पलीकडे मोठं रण आणि मध्ये छारी ढंढ. छारी म्हणजे खारट आणि ढंढ म्हणजे उथळ पाणथळ. 2008 साली याला संरक्षित क्षेत्राचा दर्जा मिळाला. डिसेंबरात इथे क्रौंच हजारोंनी उतरतात. संध्याकाळी त्यांचे थवे डोक्यावरून गेले तेव्हा तो कर्रर्र आवाज छातीत घुमत होता. केवळ पक्षी बघायला आलात तरी प्रवासाचं सोनं होईल. मी मात्र चिर बत्तीसाठी आलो होतो. चिर म्हणजे भूत, बत्ती म्हणजे दिवा. इथले लोक पिढ्यान् पिढ्या ती बघत आलेत. अंधाऱ्या रात्री जमिनीपासून थोडा वर एक गोळा तरंगतो, रंग बदलतो, थांबतो, पळतो, आणि माणूस मागे लागला की त्याला आत ओढत नेतो.

आत म्हणजे कुठे, ते दुपारी बघून ठेवलं होतं. वरून जमीन कोरडी, पांढुरकी, पायाखाली पापडासारखी मोडणारी. पापड मोडला की खाली काळा चिखल, आणि घोट्यापर्यंत रुतलेला पाय काढताना बूट आतच राहतो. उरलेल्या भागात गांडा बावळ. रणाचा खारेपणा पसरू नये म्हणून 1960च्या दशकात हे विलायती झाड इथे लावलं, आणि त्यानेच बन्नी गिळत आणली. त्याचे काटे चपलेचा तळ सहज भेदतात. या मातीचा तसाही भरवसा नाही. 16 जून 1819च्या भूकंपात रणाच्या वायव्येला जमीनच उचलली जाऊन लांबच लांब बांध तयार झाला, त्याला अल्लाह बंद म्हणतात, आणि सिंद्रीचा किल्ला पाण्यात बुडाला.

रात्री जेवण झाल्यावर काका आणि मी गावाबाहेर येऊन बसलो. चंद्र नव्हता. म्हशी चरायला निघून गेल्या होत्या. बन्नीच्या म्हशी रात्री गुराख्याशिवाय चरतात आणि सकाळी आपापल्या घरी परततात. कुठेतरी लांब एकीच्या गळ्यातली घंटा वाजत होती, तेवढीच काय ती दिशा.

अकराच्या सुमारास ती दिसली.

आधी पिवळट, गाडीच्या एकाच दिव्यासारखी. मग तांबूस. झाड नाही, घर नाही, डोंगर नाही, त्यामुळे ती पन्नास पावलांवर आहे की पाच कोसांवर, हे डोळ्यांना ठरवताच येईना. ती डावीकडे सरकली, थांबली, जराशी लहान झाली. लहान झाल्यावर मला वाटलं, ती लांब चाललीय. आणि ती जाऊ नये, असं फार आतून वाटलं.

काकांनी मागून दंड धरला तेव्हा कळलं की मी चालत होतो. आपण उठलो कधी, हे मला आजही आठवत नाही. त्यांनी मला फिरवलं, खांदा दाबून खाली बसवलं आणि स्वतः शेजारी बसले. गावातला कंदील समोर दिसत होता, वाटला होता त्याहून फार लांब. मागे वळून बघायची इच्छा दाताखाली धरून ठेवावी लागली.

याची कारणं मी वाचली आहेत. दलदलीत कुजणाऱ्या गवतातून मिथेन निघतो, तो पेटत असावा, असं एक मत. मला दुसरं जास्त पटतं. ऑस्ट्रेलियात असेच 'मिन मिन' दिवे दिसतात. जॅक पेटिग्रू या शास्त्रज्ञाने 2003 साली त्यांचा उलगडा मांडला. सपाट माळरानावर रात्री जमीन गार पडते, तिच्यालगत थंड हवेचा थर साचतो, आणि लांबच्या गाडीचा उजेड त्या थरातून वाकत येऊन क्षितिजापलीकडचा दिवा समोर तरंगताना दिसतो. त्याने गाडीचे दिवे लावून ते करूनही दाखवलं. रण तसंच सपाट, तसंच गार पडणारं. पण गाड्या येण्याआधीपासूनचं काय, असं काकांना विचारलं असतं तर ते काय म्हणाले असते, हे मला ठाऊक आहे. म्हणून विचारलं नाही. कारण कळल्याने माझे पाय थांबले असते, असंही मला वाटत नाही.

उजाडल्यावर मी एकटाच त्या जागी गेलो. खारट पापुद्र्यावर माझे ठसे स्वच्छ उमटले होते. मोजले. एकशे बारा पावलं. शेवटची तीन जरा खोल होती, कडेने ओल आलेली, आणि त्यांच्या बाजूला काकांच्या चपलेचा एकच ठसा, आडवा.

समोरून म्हशी घराकडे येत होत्या, ढंढच्या कडेकडेने, एकामागून एक.