मनाई मागावी की कब्जा? गडग्याच्या दाव्यातला माझा अनुभव

देवगड तालुक्यात आमच्या हापूसच्या बागेला लागून भावकीतल्या काकांचा हिस्सा आहे. शिमगा झाल्यावर त्यांनी चिऱ्यांचा नवा गडगा घातला, तो आमच्या अंगाला सरकवून. आमची दोन कलमं आणि एक रातांबा पलीकडे गेला. विचारलं तर म्हणाले, "चिरे नवे आसत, जागा आज्याच्या टायमाची."

गावात जो तो एकच सांगायचा, "मनाई आणा," म्हणजे कोर्टाचा मनाई हुकूम. पोलिसांनी दिवाणी बाब म्हणून परत पाठवलं होतं. वकिलांनी मात्र कागद बाजूला ठेवून पहिला प्रश्न केला, "आज त्या पट्ट्यात आंबा कोण काढतं?" काका काढत होते. मग निव्वळ मनाईचा दावा टिकणार नाही, असं ते म्हणाले. मनाई असते ती हातातला कब्जा राखायला, गेलेली जमीन तिने परत येत नाही. सर्वोच्च न्यायालयाने 2008 मध्ये अनाथुला सुधाकर खटल्यात हे नीट मांडलंय: मालकीवर खरंच सावट असेल तर मालकी ठरवून मागा, कब्जा गेला असेल तर कब्जा मागा. आमच्या सातबाऱ्याबद्दल काकांची तक्रार नव्हती, वाद फक्त रेषेचा. म्हणून मालकी जाहीर करून मागायची गरज पडली नाही.

जवळचे दोन रस्तेही तपासले. मामलेदार न्यायालय अधिनियम, 1906 खाली तहसीलदारांकडे जाता येतं आणि विशिष्ट अनुतोष अधिनियमाच्या कलम 6 खाली दिवाणी न्यायालयात. दोन्हीकडे मुदत सहा महिन्यांची. पण कलम 6 मध्ये मालकी बघतच नाहीत. काका 'आज्याच्या टायमा'वर ठाम होते, म्हणजे बारा वर्षांच्या प्रतिकूल कब्ज्याचा (दुसऱ्याच्या जमिनीवर उघड ताबा ठेवून मालकी सांगण्याचा) बचाव येणार हे उघड होतं. अशा वेळी हद्दीचा निकाल कायमचा लागलेलाच बरा, असं माझं मत झालं आणि आजही तेच आहे.

त्यासाठी आधी भूमि अभिलेखकडे हद्द कायम मोजणीचा अर्ज केला. लगतधारकांना नोटिसा गेल्या. मोजणीच्या दिवशी भूकरमापकाने दाखवलेल्या जागी पाचोळा उकरला, तर जुना हद्दीचा दगड निघाला, नव्या गडग्याच्या पलीकडे, रातांब्याच्याही पुढे. काका तिथेच उभे होते. काही बोलले नाहीत. 'क' प्रतीत, म्हणजे मोजणीच्या नकाशात, नोंदीची हद्द आणि जागेवरची वहिवाट वेगवेगळी दिसली, मधला पट्टा क्षेत्रासह आला. त्याच नकाशावर दावा उभा राहिला: पट्ट्याचा कब्जा, गडगा काढून टाकण्याचा हुकूम आणि पुढे हरकत करू नये म्हणून निरंतर मनाई. सगळं एकाच दाव्यात, कारण मागायचं राहिलं तर ते नंतर वेगळ्या दाव्यात मागताना दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश 2 नियम 2 आडवा येतो.

काकांनी मोजणी खोटी ठरवली, तेव्हा त्याच संहितेच्या आदेश 26 नियम 9 खाली जागा पाहून अहवाल देणारा कोर्ट कमिशनर नेमून घेतला. रेषा तीच आली. त्यानंतर काकूंनीच पुढाकार घेतला आणि प्रकरण लोकअदालतीत गेलं.

तडजोडीत मी एका गोष्टीचा हट्ट धरला. मसुद्यात नुसतं 'मोजणीप्रमाणे हद्द मान्य' असं लिहिलं होतं. कमिशनरचा नकाशा निवाड्यालाच जोडून घेतला, गडगा काढायची तारीखही घालून घेतली. लोकअदालतीच्या निवाड्यावर अपील नसतं आणि त्याची अंमलबजावणी हुकूमनाम्यासारखीच होते. पण दरखास्त, म्हणजे अंमलबजावणीचा अर्ज, लावायची वेळ आली, तर कोर्टाच्या बेलिफाला दाखवायला रेषा कागदावर हवी.