मोटोरोला जीएम300 एपीआरएसवर आणताना : माझा अनुभव

अमेरिकेत 1 जानेवारी 2013 पासून पोलीस, अग्निशमन दल, खासगी कंपन्या अशा बहुतेकांना व्हीएचएफ-यूएचएफ या वायरलेसच्या फ्रिक्वेन्सी पट्ट्यांवर 25 ऐवजी 12.5 किलोहर्ट्झच्या चॅनलमध्ये बसणं सक्तीचं झालं. ज्यांना ते जमत नव्हतं असे धडधाकट वायरलेस सेट ढिगाने मोडीत निघाले. हॅम, म्हणजे हौशी रेडिओवाल्यांच्या, बँडला ती सक्ती नाही. म्हणून ओहायोत झीनियाला हॅमव्हेन्शन या हॅम मेळाव्याच्या जुन्या बाजारात मोटोरोलाचा जीएम300 हा वायरलेस सेट दिसताच मी तो उचलला.

सेट 146 ते 174 मेगाहर्ट्झचा, 45 वॅटचा. 146 च्या वरचे रिपीटर (सिग्नल पकडून पुढे पाठवणारी केंद्रं) हवे असतील तर नुसत्या प्रोग्रामिंगवर भागतं. मला मात्र अमेरिकन हॅम बॉब ब्रुनिंगांनी उभं केलेलं एपीआरएस हवं होतं. त्यात ठिकाण, हवामान अशी माहिती छोट्या डेटा पॅकेटांतून रेडिओवर जाते, आणि ते अमेरिकेत 144.390 वर चालतं.

प्रोग्रामिंग जिकिरीचं. सॉफ्टवेअर डॉसचं, वेगवान संगणकावर त्याचं टायमिंग बिघडतं. क्लबमधल्या एका ज्येष्ठ सदस्यांनी खरा सिरियल पोर्ट असलेला जुना 486 संगणक दिला, त्याच्या आणि सेटच्या मधे रिब बॉक्स हा जोडणी डबा लावला. सगळ्यात आधी जुने चॅनल पुसले. हॅम लायसन्सवर सेट उघडता, बदलता येतो. दुसऱ्यांच्या फ्रिक्वेन्सीवर बोलता येत नाही, आणि ही शिस्त मला फार महत्त्वाची वाटते. सॉफ्टवेअर 146 च्या खालचा आकडा घेईना. ती मर्यादा त्याच्या डेटा फाइलमध्ये असते. फाइलची प्रत काढून ठेवली आणि हेक्स एडिटरने, म्हणजे फाइलमधले कच्चे बाइट बदलणाऱ्या प्रोग्रामने, ती मर्यादा बदलली. मग अँटेनाऐवजी डमी लोड (सिग्नल बाहेर न सोडता शक्ती जिरवणारा रोध) लावून पीटीटी, म्हणजे बोलण्याचं बटण, दाबलं. फ्रिक्वेन्सी तयार करणारं पीएलएल सर्किट नव्या आकड्यावर लॉक झालं नसतं तर सेट बीप करत राहिला असता. बीप आला नाही, वॅटमीटरची सुई चढली!

या सेटचं खरं वैभव म्हणजे मागचा 16 पिनांचा कनेक्टर. पिन 3 ला पीटीटी, 5 ला मायक्रोफोनची साखळी टाळून जाणारा फ्लॅट, म्हणजे फिल्टर न लागलेला, ऑडिओ, 11 वर रिसीव्हरचा ऑडिओ. तोही फ्लॅट हवा असेल तर आतला जेयू551 जम्पर (सर्किट बोर्डावरची छोटी जोडणी) बदलायचा. 15 आणि 16 जोडल्याशिवाय आतला स्पीकर बोलत नाही. स्पीकरची कुठलीच तार ग्राउंडला लावू नका, ॲम्प्लिफायर जाईल. बाकी रास्पबेरी पाय या चिमुकल्या संगणकावर पॅकेटं उलगडणारं डायरवुल्फ सॉफ्टवेअर, साउंड कार्ड, आणि डेव्हिएशन (ऑडिओमुळे फ्रिक्वेन्सी किती सरकते ते) 3 किलोहर्ट्झच्या आसपास.

शहरात टॉवरांच्या जोरदार सिग्नलांच्या गर्दीत माझा स्वस्त नवा हँडसेट बहिरा होतो. हा सेट तिथेच बसून दूरची पॅकेटं स्वच्छ उलगडतो. आता याचाच यूएचएफ भाऊ शोधतोय.