स्टफिंगमधलं बटर गेलं कुठे?

तुम्ही विचारलंत म्हणून सांगतो. खरं तर दर नोव्हेंबरात कुणी ना कुणी विचारतंच: "तुमच्या स्टफिंगमध्ये बटर जेमतेम असतं म्हणता, मग ते कोरडं कसं होत नाही?" विचारणाऱ्याच्या डोळ्यांत जरा संशयही असतो, की हा गृहस्थ कुणाचं लक्ष नसताना काहीतरी ओतत असणार. थँक्सगिव्हिंगच्या टेबलावर याचं नीट उत्तर देत बसलो तर ग्रेव्ही गार होते. म्हणून आज सवडीने.

ज्यांनी खाल्लं नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात: पावाचे वाळवलेले तुकडे, परतलेला कांदा आणि सेलरी, सेज नावाचा उग्र वासाचा पाला, हे सगळं ब्रॉथमध्ये (हाडं-मांस उकळून गाळलेल्या पाण्यात) भिजवून भाजलं की झालं स्टफिंग. पूर्वापार टर्की या पक्ष्याच्या पोटात भरायचं, म्हणून हे नाव. अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या राज्यांत त्याला ड्रेसिंग म्हणतात आणि पावाऐवजी कॉर्नब्रेड घेतात. पेन्सिल्व्हेनियातल्या 'डच' म्हणवणाऱ्या जर्मन वंशाच्या घरांत ते फिलिंग होतं आणि त्यात बटाटा येतो. टर्की फोटोपुरती असते असं माझं जुनं मत आहे. लोक दुसऱ्यांदा वाढून घेतात ते स्टफिंग.

आम्ही ओहायोत राहतो. शेजारच्या आजी-आजोबांकडे दर वर्षी थँक्सगिव्हिंगला, नोव्हेंबरच्या चौथ्या गुरुवारी, आमचं जेवण ठरलेलं. एका वर्षी आजोबांची बायपास झाली, डॉक्टरांनी बटर, सॉसेज, साय वगैरेंवर काट मारली आणि आजींनी माझ्या हातात त्यांच्या स्टफिंगच्या कृतीचं कार्ड ठेवलं. म्हणाल्या, टर्की मी करते, हे तू हलकं करून आण. माझ्या हाताला सवय लागलीय, मला कमी घालता यायचं नाही.

कार्डावर एक पौंड पावाला दीड स्टिक बटर होतं, वर एक पौंड पोर्क सॉसेज. एक स्टिक म्हणजे ८ टेबलस्पून, ११३ ग्रॅम. अमेरिकेत बटर म्हणून विकायच्या वस्तूत किमान ८० टक्के दुधाची चरबी असावी लागते, तेव्हा दीड स्टिकमध्ये फॅट झालं १३६ ग्रॅमच्या आसपास. दहा माणसांत वाटलं तरी प्रत्येकाच्या ताटात नुसत्या बटरमधूनच जवळपास १४ ग्रॅम. सॉसेजचं गणित मी केलंच नाही. ताज्या पोर्क सॉसेजमध्ये निम्म्यापर्यंत चरबी नियमात बसते, एवढं कळल्यावर ते यादीतून गेलं.

पहिल्या वर्षी मी उत्साहाच्या भरात बटरही पूर्ण काढून टाकलं. आणला तो पाव ताजाच, पाकिटातला, मऊ. त्यावर डब्यातलं ब्रॉथ ओतलं, वर तेलाचा फवारा मारला आणि ओव्हनमध्ये सारलं. निघालं ते खालून लापशी, वरून पुठ्ठा. वास तर नाहीच, सेज घातलाय हे मला आठवत होतं म्हणून. आजोबा भले माणूस, काही बोलले नाहीत. त्यांनी फक्त ग्रेव्हीचं भांडं ओढलं. एकदा, दोनदा, तिसऱ्यांदा. ती ग्रेव्ही आजींनी टर्कीच्या ट्रेमध्ये उतरलेल्या चरबीत मैदा परतून केलेली. मी स्टफिंगमधून जेवढं काढलं होतं त्यातलं बरंचसं त्यांनी माझ्यासमोर पळीने परत घातलं.

त्या रात्री भांडी घासताना डोक्यात आलं, की बटर तिथे नेमकं करतं काय, हे विचारायच्या आधीच मी त्याला हाकललं. तेव्हापासून दोन-तीन नोव्हेंबर मी याच नादात घालवले. बटर तीन कामं करतं. तुकडे ओलसर लागतात ते त्याच्यामुळे असं आपल्याला वाटतं. सेजचा वास ते सगळीकडे नेतं. आणि वरचा थर खरपूस करतं. यातलं पहिलं काम पाण्यावर भागतं, पण तेच सगळ्यात जास्त बटर खातं. उरलेल्या दोन कामांना तीन चमचे पुरतात.

ओलाव्याची सुरुवात पावापासून होते. शिळा पाव घ्या असं सगळे सांगतात आणि इथेच घोटाळा आहे. पाव शिळा होतो तेव्हा तो कडक लागतो, पण त्यातलं पाणी फारसं गेलेलं नसतं. आतल्या स्टार्चची घडी पुन्हा बसते म्हणून कडकपणा येतो. असा पाव ब्रॉथ पुरेसं ओढत नाही, कारण त्यात जागाच नसते. वाळवलेल्या पावातलं पाणी खरोखर उडालेलं असतं. म्हणून मी पौंडभर पावाचे साधारण दोन सेंटिमीटरचे तुकडे करतो आणि २७५ फॅरनहाइटला, म्हणजे १३५ सेल्सियसला, पाऊण तास ठेवतो, मध्ये दोनदा हलवून. रंग यायला नको. नुसते हलके आणि खुळखुळते व्हायला हवेत. असे तुकडे तीन कप ब्रॉथ सहज पितात आणि तरी आकार धरून राहतात. माझ्या पहिल्या वर्षीच्या पावाने दोन कपांतच हात टेकले होते.

तुकड्यांच्या मापाबद्दल मी हट्टी आहे. माझी बायको याला हसते, पण यावर पेटंट निघालंय! जनरल फूड्सने १९७२ मध्ये स्टोव्ह टॉप नावाचं झटपट स्टफिंग बाजारात आणलं. ते घडवण्यात रूथ सीम्स या गृहविज्ञान शिकलेल्या बाईंचा मोठा वाटा होता, आणि १९७५ साली मिळालेल्या पेटंटचा सगळा गाभा पावाच्या चुऱ्याच्या आकारात होता. फार बारीक असेल तर भिजल्यावर चिखल, फार मोठा तर आत कोरडा. डब्यातलं स्टफिंग मला आवडत नाही, पण बाईंचं हे म्हणणं शंभर टक्के बरोबर आहे.

आता ब्रॉथ. पहिल्या वर्षीचं अपयश अर्धं पावाचं होतं आणि अर्धं डब्यातल्या ब्रॉथचं. ते पातळ, आणि मीठ इतकं की स्टफिंगमध्ये मुरल्यावर अंगावर येतं. हृदयरोग्यासाठी करताय आणि वर मीठ ओतताय, हा कसला हलकेपणा? टर्कीच्या पोटात एक पुडी येते, मान आणि आतले अवयव असलेली. बहुतेक घरांत ती थेट कचऱ्यात जाते. मी आजींकडून ती मंगळवारीच मागून आणतो. कलेजी (लिव्हर) बाजूला ठेवायची, तिने ब्रॉथ कडसर होतं. मान मात्र कांदा, गाजर, मिरी घालून दोन-अडीच तास मंद आचेवर ठेवायची, गाळायची आणि रात्रभर फ्रिजमध्ये. सकाळी वर चरबीची पांढरी चकती जमलेली असते, ती चमच्याने अख्खी उचलली जाते. खाली राहतं ते थलथलतं. हाडांतलं आणि सांध्यांतलं जिलेटिन उतरलेलं असतं ना! जिलेटिनमुळे ब्रॉथला दाटपणा येतो, ओठांना किंचित चिकटतं, आणि जिभेला वाटतं की काहीतरी स्निग्ध खाल्लं. माझ्या स्टफिंगमध्ये लपवलेलं काही असेल तर ते हेच. वेळ नसेल तर कमी मिठाचं डब्यातलं घ्या आणि त्यात बिनचवीच्या जिलेटिनची एक पुडी विरघळवा, काम बरंचसं होतं.

सॉसेजच्या जागी काय, हे विचारणारे बरेच असतात. मशरूम. अर्धा पौंड घेऊन चिरायचे आणि कोरड्या, तापलेल्या पॅनमध्ये टाकायचे, तेल अजिबात नाही. आधी तेल घातलं तर मशरूम ते स्पंजासारखे पितात आणि मग आणखी मागतात. कोरडे टाकले की चिमूटभर मिठाने पाणी सोडतात, त्या पाण्यात पाच-सात मिनिटं शिजतात, पाणी आटलं की तळाला तपकिरी डाग पडायला लागतात. ते डाग म्हणजे चव. पळीभर ब्रॉथ घालून खरवडून घ्यायचे. सॉसेजची चव हुबेहूब येत नाही आणि तशी यावी अशी माझी अपेक्षाही नाही.

आता राखून ठेवलेले तीन चमचे. एक टेबलस्पून ऑलिव्ह तेलात दोन कांदे आणि सेलरीचे चार दांडे, बारीक चिरून, झाकण ठेवून मऊ करायचे. लागायला लागले तर तेल वाढवू नका, ब्रॉथचा शिपका द्या. मग मध्ये जागा करून एक टेबलस्पून बटर, ते फेसाळलं की त्यात चिरलेला ताजा सेज आणि थाइम. सेजचा वास तेलात विरघळतो, पाण्यात फारसा नाही. पहिल्या वर्षी मी सेज थेट ब्रॉथमध्ये टाकला होता, म्हणून तो गेला कुठे ते कळलंच नाही. हिंग तेलात न टाकता आमटीत वरून भुरभुरला तर काय होईल, तसं. तीस सेकंद पुरतात, घरभर वास सुटतो.

पाव, भाज्या, मशरूम, मूठभर पार्सली, मिरी आणि ब्रॉथ एकत्र करून पंधरा मिनिटं तसंच ठेवायचं, म्हणजे तुकडे आतपर्यंत भिजतात. मग एक अंडं आणि दोन अंड्यांचं पांढरं फेटून घालायचं, ते बांधून धरतं. नऊ बाय तेरा इंचांच्या ट्रेमध्ये, दाबून नाही, सैल. फॉइल लावून ३५० फॅरनहाइटला अर्धा तास. फॉइल काढल्यावर शेवटचा टेबलस्पून बटर वितळवून फक्त वर ब्रशने लावायचं आणि आणखी वीस मिनिटं. बटर वर असलं की जिभेला आधी तेच लागतं. तोच चमचा आत कालवला असता तर कुणाला पत्ताही लागला नसता.

हिशेब मी आजोबांसाठी एकदा कागदावर मांडला. बटर, तेल, अंडं आणि पावातली थोडी धरून सगळ्या ट्रेमध्ये ५५ ग्रॅमच्या आसपास फॅट, दहा वाटणीत साडेपाच. सॉसेज सोडून आजींच्या कार्डाचा तसाच हिशेब सोळाच्या घरात जातो. तरीही माझं स्टफिंग लो-फॅट नाही! अमेरिकेत पाकिटावर तो शब्द छापायचा तर एका वाटणीत ३ ग्रॅम किंवा त्याहून कमी लागतं. तिथवर नेऊन पाहिलं. नेता येतं, पण त्याला पुन्हा ग्रेव्ही लागते.

एका चुकीबद्दल सावध करतो, कारण हलकं करणारेच ती करतात: बटर काढून "हेल्दी" म्हणून पिकॅन घालणं. अर्ध्या कप पिकॅनमध्ये ३५ ग्रॅमच्या वर फॅट असतं, म्हणजे माझ्या तिन्ही चमच्यांइतकंच. ते फॅट बटरपेक्षा चांगलं, हे मान्य, पण हिशेबात धरा. दाताखाली काही यावं असं वाटत असेल तर चेस्टनट घ्या, त्यात शंभर ग्रॅमला दोन ग्रॅमच्या आसपास फॅट असतं. अमेरिकेची स्वतःची चेस्टनटची जंगलं होती. १९०४ साली न्यूयॉर्कच्या ब्राँक्स प्राणिसंग्रहालयात झाडांवर एक बुरशी दिसली आणि पुढच्या काही दशकांत तिने अब्जावधी झाडं खाल्ली. आज दुकानात मिळतात ते बहुतेक बाहेरून आलेले.

"पण पोटात का नाही भरत?" हा पुढचा प्रश्न असतोच. एक तर आत भरलं की टर्कीची चरबी गळून त्यातच मुरते, मग वरची सगळी कसरत वाया. दुसरं, आतल्या स्टफिंगचा मधोमध भाग १६५ फॅरनहाइटला, म्हणजे ७४ सेल्सियसला, पोचायलाच हवा, कारण कच्च्या पक्ष्याचं पाणी त्यात गेलेलं असतं. तेवढा वेळ ठेवलं तर छातीचं मांस लाकूड होतं. वेगळ्या ट्रेमध्ये कोपरे मिळतात, हेही आहेच. चार कोपरे, आणि आमच्या टेबलावर माणसं दहा. एक कोपरा आजोबांचा, त्यावर चर्चा नाही.

बुधवारी करून ठेवायचं असेल तर पाव वाळवा, भाज्या परता, ब्रॉथ तयार ठेवा, पण सगळं एकत्र गुरुवारी सकाळीच करा. उरलं तर दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये, तीन-चार दिवस टिकतं. गरम करताना वर दोन चमचे ब्रॉथ शिंपडा आणि फॉइल लावा. मायक्रोवेव्हमध्ये वरचा थर चामडं होतो, आणि त्या थरासाठी आपण शेवटचा चमचा राखला होता.